संच मेला कीं विसरला?

घरांतील एखादें यंत्र बंद पडलें म्हणजे ‘तें गेलें’ असें आपण सहज म्हणून जातों. पंखा गेला, मिक्सर गेला, टीव्ही गेला. शब्द लहान आहे; परंतु तो एकदां तोंडांतून बाहेर पडला कीं वस्तूचें भवितव्य बहुधा ठरून जातें. ती माळ्यावर चढते, नाहीं तर भंगारवाल्याच्या गाडीवर. आज मला आपल्याशीं बोलावयाचें आहे तें या निकालाविषयीं, आणि तेंहि दूरचित्रवाणीच्या संचापुरतें. हल्लींच्या संचांच्या बाबतींत हा निकाल पुष्कळदां घाईनें दिला जातो. ज्याला आपण मेलेला समजतों तो संच कित्येकदां धडधाकट असतो. आपलें काम कसें करावयाचें एवढेंच तो विसरलेला असतो. आणि विसरलेल्याला पुन्हां शिकवितां येतें.

यवतमाळ जिल्ह्यांतील राळेगांव हें तालुक्याचें ठिकाण उदाहरणादाखल घेऊं. कपाशीचा मुलूख, तालुक्यांतील वडकीवरून नागपूर-हैदराबाद महामार्ग जातो, आणि वर्धा नदी ओलांडली कीं हिंगणघाटचा प्रदेश लागतो. समजा, येथील एका कुटुंबानें कापसाचे पैसे हातीं आल्यावर ३२ इंची संच घेतला. हमीचें वर्ष उलटलें. मृगाच्या तोंडावर एका वादळी संध्याकाळीं वीज चार वेळां गेली नि चार वेळां आली. दुसऱ्या दिवशीं सकाळीं संच लावला, तों पडद्यावर कंपनीचें नांव उमटलें आणि तेथेंच थांबलें. अर्धा तास वाट पाहिली तरी पुढें कांहीं नाहीं. आतां हा संच दुकानांत नेला तर दोन उत्तरें संभवतात. एक कारागीर म्हणेल, ‘मेन बोर्ड गेला.’ दुसरा म्हणेल, ‘सॉफ्टवेअर उडालें.’ पहिलें उत्तर खरें मानलें तर नवा बोर्ड विकत घ्यावा लागेल, किंवा ‘त्यापेक्षां नवाच घ्या’ हा सल्ला ऐकावा लागेल. दुसरें खरें ठरलें तर एकहि भाग न बदलतां संच त्याच दिवशीं घरीं परत येऊं शकेल. दोन उत्तरांत जमीनअस्मानाचा फरक आहे. म्हणून त्या दुसऱ्या उत्तराचा अर्थ सुशिक्षित कुटुंबांनीं समजून घ्यावा, अशी माझी विनंति आहे.

प्रथम संचाच्या पोटांत काय असतें तें पाहूं. वीजपुरवठ्याचा एक बोर्ड असतो. तो घरांतील २३० व्होल्टची वीज घेऊन तिचे १२ व्होल्ट, ५ व्होल्ट असे लहान व एकदिशी प्रवाह करून देतो. दुसरा मेन बोर्ड. लहान संचांत हे दोन्ही एकाच पाटीवर असतात. तिसरें पॅनेल, म्हणजे प्रत्यक्ष पडदा, आणि त्याच्या पाठीमागें उजेड देणाऱ्या एलईडी दिव्यांच्या पट्ट्या. मेन बोर्डाच्या मध्यभागीं एक मोठी चौकोनी चिप दिसते. ती या घरची कर्ती. आणि तिच्या जवळपास, करंगळीच्या नखाहून लहान अशी आठ पायांची एक काळी चिप असते. आजच्या आपल्या कथेची नायिका ही आठ पायांची चिप होय.

जुन्या संचांत तिचें कामच नव्हतें. दिल्लीस १५ सप्टेंबर १९५९ रोजीं आपल्या देशांतील दूरचित्रवाणीचा आरंभ झाला. मुंबईचें केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजीं सुरू झालें. १९८२ सालीं रंगीत प्रक्षेपण आलें. जुन्या संचानें काय करावयाचें तें तारांच्या जोडणींतच ठरलेलें असे. बिघाड म्हणजे एखादा भाग जळणें, एखादा सांधा सुटणें किंवा चित्रनलिका क्षीण होणें. कारागीर तो भाग शोधून काढी, बदली, आणि संच चालूं लागे. सर्व भाग शाबूत असूनहि संच बंद पडूं शकतो, असें त्या पिढीच्या कारागिराला कोणी सांगितलें असतें तर त्याला तें खरें वाटलें नसतें.

आजच्या संचाला वीज मिळतांच मोठी चिप त्या लहान चिपेकडे वळते आणि तेथें लिहिलेला मजकूर वाचूं लागते. पॅनेल किती ठिपक्यांचें आहे, रंगांच्या खुणा कोणत्या क्रमानें पाठवावयाच्या, मागचे दिवे केव्हां लावावयाचे, रिमोटच्या कोणत्या कळीचा अर्थ काय, हें सारें त्या मजकुरांत असतें. त्यालाच फर्मवेअर म्हणतात. हा शब्द १९६७ सालीं ॲशर ऑपलर या संगणकतज्ज्ञानें ‘डेटामेशन’ नांवाच्या अमेरिकन नियतकालिकांत योजला. पुढें त्याचा रूढ झालेला अर्थ असा : यंत्राचा सांगाडा तें हार्डवेअर, सहज बदलतां येणाऱ्या आज्ञा तें सॉफ्टवेअर, आणि दोहोंच्या मधला, यंत्रांत मुरलेला परंतु प्रसंगीं बदलतां येण्याजोगा मजकूर तें फर्मवेअर. आपल्याकडील दुकानांतून मात्र सरसकट सॉफ्टवेअर हाच शब्द चालतो. ‘सॉफ्टवेअर मारावें लागेल’ असें कारागीर म्हणतो, तेव्हां त्याच्या म्हणण्याचा अर्थ एवढाच कीं, त्या लहान चिपेंतील मजकूर पुन्हां लिहावा लागेल.

हा मजकूर वीज गेल्यावरहि टिकला पाहिजे, आणि वेळ पडल्यास बदलतांहि आला पाहिजे. या दोन गोष्टी एकत्र आणणें सोपें नव्हतें. इंटेल कंपनींतील डोव्ह फ्रोमन यांनीं १९७१ सालीं पुसून पुन्हां लिहितां येणारी स्मृति तयार केली. परंतु ती पुसण्यासाठीं चिप काढून तिच्या खिडकीवर बराच वेळ अतिनील किरण सोडावे लागत. तोशिबा कंपनीचे फुजिओ मासुओका यांनीं १९८४ सालीं जगापुढें मांडलेली फ्लॅश स्मृति विजेनेंच पुसली जाते, आणि तिचे मोठमोठे भाग एका दमांत पुसतां येतात. साध्या संचांत हल्लीं ४ किंवा ८ मेगाबाइटची फ्लॅश चिप आढळते. ८ मेगाबाइट म्हणजे ८३ लाखांहून अधिक बाइट. ज्यांना आपण स्मार्ट टीव्ही म्हणतों त्यांत याहून पुष्कळ मोठी, कांहीं गिगाबाइटांची स्मृति असते.

येथें जुन्या पोथ्यांची आठवण होते. पोथी नकलून घेतांना लेखकाची एखादी ओळ गळे, एखाद्या शब्दाच्या जागीं दुसराच शब्द पडे. नकलेवरून नक्कल होतां होतां अशुद्धें वाढत जात. ज्ञानेश्वरीचे पाठ असेच बिघडले होते, म्हणून एकनाथमहाराजांनीं शके १५०६ मध्यें, म्हणजे इ. स. १५८४ च्या सुमारास, तिची शुद्ध प्रत सिद्ध केली. तथापि बिघडलेली पोथीहि वाचणारा मागच्या-पुढच्या संदर्भानें कांहींसा अर्थ लावून घेतो. चिपेला ती सोय नाहीं. मोक्याच्या जागीं एक बाइट चुकला तर ती पुढें वाचूं शकत नाहीं. जेथें अडली तेथेंच उभी राहते. पुष्कळ संचांच्या मजकुरांत हिशेबाच्या वहींतल्याप्रमाणें बेरजेचा ताळा ठेवलेला असतो. ताळा जमला नाहीं, कीं संच तो मजकूर मानीतच नाहीं. राळेगांवच्या आपल्या कल्पित घरांत पडद्यावर कंपनीचें नांव येऊन थांबलें, त्याचें मर्म बहुधा हेंच.

आतां हा मजकूर बिघडतो कसा? आपण आवाज वाढविला, वाहिनी बदलली, चित्राचा रंग कमीजास्त केला, म्हणजे संच त्या नोंदी आपल्या स्मृतींत लिहून ठेवतो. फ्लॅश स्मृतींत नवें लिहावयाचें तर आधीं जुनें पुसावें लागतें, आणि तें एकेक अक्षर न पुसतां संबंध चौकटच्या चौकट पुसावी लागते. जुनें पुसलें गेलें, नवें अजून उतरलें नाहीं, अशा क्षणीं वीज गेली तर ती चौकट अर्धवट राहते. वीज एकदां जाऊन गप्प बसली तर धोका कमी; ती मिनिटामिनिटाला येत-जात राहिली तर धोका वाढतो. वऱ्हाडांतील उन्हाळाहि या कामीं हातभार लावतो. वीजपुरवठ्याच्या बोर्डावर कपॅसिटर नांवाचे लहान डबे असतात; त्यांतील द्रव उष्णतेनें हळूहळू सुकतो. तपमान १० अंशांनीं वाढलें तर त्यांचें आयुष्य सुमारें निम्मे होतें, असा त्यांचा ढोबळ हिशेब आहे. ते क्षीण झाले म्हणजे ऐन लिहिण्याच्या वेळीं चिपेला मिळणारी वीज डळमळते. आणि शेवटचें कारण म्हणजे आकाशांतील वीज. ती छत्रीच्या किंवा केबलच्या तारेंतून आंत शिरली, तर मजकुराचें राहोच, चिपाच जळतात. तेथें पुनर्लेखनाचा कांहीं उपयोग नाहीं. म्हणून ढग गडगडूं लागले म्हणजे संचाची वीजतार आणि केबलची तार अशा दोन्ही काढून ठेवाव्या, हा जुनाच सल्ला आजहि सोन्यासारखा आहे.

प्रत्येक बिघाड मजकुराचा नसतो, हें येथें आवर्जून सांगितलें पाहिजे. नाहीं तर ‘गेला’ या एका घाईच्या निकालाच्या जागीं दुसरा तसाच निकाल येऊन बसेल. कांहीं परीक्षा घरच्या घरीं, संच न उघडतां करतां येतात. आवाज स्वच्छ येतो, पडदा मात्र काळा आहे, असें झाल्यास खोली अंधारी करून विजेरीचा झोत पडद्यावर तिरपा सोडा. पुसट चित्र हलतांना दिसलें तर मजकूर शाबूत आहे. मागच्या दिव्यांच्या पट्ट्या विझल्या आहेत. पुढचा बारीक लाल दिवाहि लागत नसेल तर पहिला संशय वीजपुरवठ्यावर घ्यावा. पडद्यावर उभ्या रेघा उमटल्या, अर्धा पडदा पांढरा झाला किंवा आंत तडा दिसला, तर पॅनेलचें दुखणें आहे. परंतु कंपनीचें नांव येऊन थांबणें, पुन्हां पुन्हां आपोआप बंद होऊन सुरू होणें, लाल दिवा लागूनहि संच जागा न होणें, अशीं लक्षणें असतील तर मजकूर बिघडल्याचा संशय घेण्यास जागा आहे. तो संशयहि पक्का नव्हे. दुबळ्या वीजपुरवठ्यानें हींच लक्षणें दिसतात. म्हणून जाणता कारागीर आधीं मापकानें १२, ५ व ३.३ व्होल्ट ठिकठिकाणीं नीट मिळतात कीं नाहीं तें पाहतो, आणि मगच लिहिण्याकडे वळतो.

लिहिण्याचे दोन मार्ग आहेत. पहिला पेन ड्राइव्हचा. प्रत्येक मजकुराच्या आरंभीं एक लहान प्रास्ताविक भाग असतो. संच जागा होतांना तो प्रथम वाचला जातो. हा भाग शाबूत राहून पुढचा बिघडला असेल, तर संच बाहेरून मजकूर घेऊं शकतो. संचाच्या नेमक्या मॉडेलसाठीं असलेली फाइल, तिचें नांव यत्किंचितहि न बदलतां, फॅट ३२ पद्धतीनें तयार केलेल्या रिकाम्या पेन ड्राइव्हवर ठेवतात. कोणत्याहि फोल्डरच्या आंत न घालतां अगदीं पहिल्या पायरीवर. संचाची वीजतार काढून पेन ड्राइव्ह लावतात, आणि पुष्कळ संचांत अंगचीच चालू-बंदची कळ दाबून धरून वीज देतात. दिवा लुकलुकूं लागला म्हणजे लेखन चालूं झालें असें समजावें. कंपनीगणिक यांत थोडाफार फरक असतो. म्हणून त्या त्या कंपनीची सूचना आधीं वाचावी. दिवा लुकलुकत असेपर्यंत संचाला हात लावूं नये. कांहीं होत नाहींसें वाटून या वेळीं बटण बंद करणें म्हणजे शस्त्रक्रिया अर्धी झाली असतां दिवा मालवणें होय. ज्या गांवीं विजेचा भरंवसा नाहीं तेथें हें काम इन्व्हर्टरच्या किंवा यूपीएसच्या विजेवरच करावें.

तो प्रास्ताविक भागच नष्ट झाला असेल तर दुसरा मार्ग उरतो. कारागीर बोर्ड बाहेर काढतो आणि त्या आठ पायांच्या चिपेला चिमटा लावून, किंवा ती बोर्डावरून उतरवून, प्रोग्रॅमर नांवाच्या लहान यंत्रानें संगणकाशीं जोडतो. हें यंत्र आज लहान गांवच्या कारागिराच्याहि आवांक्यांत आलें आहे. मात्र येथें चिपेचा व्होल्ट पाहावा लागतो. बहुतेक चिपा ३.३ व्होल्टच्या, कांहीं १.८ व्होल्टच्या असतात. आणि अगदीं स्वस्त यंत्रांपैकीं कांहीं आपल्या खुणांच्या तारांवर ५ व्होल्ट देतात. त्यामुळें ज्या चिपेला वाचवावयाचें तिलाच इजा होण्याची भीति असते.

आतां या सर्व विवेचनांतील मुख्य गोष्ट सांगतों. लिहिण्याआधीं वाचून ठेवावें. चिप यंत्राला जोडली, कीं पहिलें काम तींत आहे तो मजकूर, बिघडलेला असला तरी, जसाच्या तसा उतरवून घेणें. तो दोनदां उतरवावा, दोन्ही प्रती ताडून पाहाव्या, आणि त्या जुळल्या तरच पुढें जावें. हा निव्वळ सोंवळेपणा नव्हे. त्या चिपेंत सर्व संचांना सारखा असा मजकूर असतो, त्याचप्रमाणें त्या एकट्या संचाचें असें कांहीं असतें. संचाचा अनुक्रमांक, जाळ्याशीं जोडतांना लागणारी त्याची ओळख, त्याच पॅनेलसाठीं कारखान्यांत जुळविलेले रंगांचे आंकडे, आणि स्मार्ट संचांत चित्रपट दाखविण्याच्या परवानगीच्या गुप्त किल्ल्या. हें पुसलें गेलें तर संच जागा होईल. परंतु रंग पूर्वींसारखे दिसणार नाहींत, आणि एखादी चित्रपटसेवा उत्तम प्रतीचें चित्र देण्याचें नाकारील. संच बरा झाला खरा, पण आपलें नांव विसरला, अशी ती अवस्था. जुनी प्रत हातीं असेल तर हें सारें परत जागेवर ठेवण्याची आशा राहते. ती नसेल तर कोणाचाच इलाज चालत नाहीं.

चुकीचा मजकूर लिहिला तर काय होतें, तेंहि ऐका. बाजारांत ‘युनिव्हर्सल’ म्हणून विकले जाणारे मेन बोर्ड असतात. व्ही५६, व्ही५९ अशा क्रमांकांचे बोर्ड कारागिरांच्या चांगल्या परिचयाचे आहेत. त्यांवर कोणतेंहि पॅनेल चालवितां यावें म्हणून १३६६ गुणिलें ७६८ किंवा १९२० गुणिलें १०८० अशा निरनिराळ्या मापांसाठीं निरनिराळ्या फाइली असतात. फाइल चुकली कीं चित्र उलटें दिसतें, चेहरे छायाचित्राच्या काळ्या फितीप्रमाणें दिसूं लागतात, एका चित्राचीं दोन चित्रें होतात, किंवा रिमोट निरुपयोगी ठरतो. या चुका भीतिदायक दिसल्या तरी बहुधा सुधारतां येतात. योग्य फाइल पुन्हां लिहिली कीं झालें. परंतु अशा बोर्डावर पॅनेलला द्यावयाचे व्होल्ट ठरविणारी एक लहान टोपी असते, तिला जंपर म्हणतात. ५ व्होल्टच्या पॅनेलला त्या टोपीनें १२ व्होल्ट दिले गेले तर पॅनेलच जळण्याचा संभव असतो. आणि पॅनेल हा संचाचा सर्वांत महाग भाग. मजकुराची चूक पुसतां येते, विजेची चूक पुसतां येत नाहीं. याच कारणासाठीं पॅनेलच्या पाठीवरचा क्रमांक वाचल्याशिवाय कामाला हात घालूं नये.

हीं दोन्ही कामें घरच्या उत्साही तरुणांनीं करावीं काय, असा प्रश्न येईल. पेन ड्राइव्हचा मार्ग, कंपनीनें दिलेली फाइल असेल तर, काळजीपूर्वक घरीं करण्यास हरकत नाहीं. संचाचें मागचें झांकण मात्र घरीं उघडूं नये. २३० व्होल्टची वीज एकदिशी झाली म्हणजे आंतील मोठ्या कपॅसिटरवर सुमारें ३२५ व्होल्ट साठतात, आणि वीजतार काढल्यावरहि ते कांहीं काळ राहूं शकतात. तो धक्का जिवावर बेतूं शकतो. तसेंच, जो संच नीट चालला आहे त्याचा मजकूर केवळ नवा निघाला म्हणून बदलणें म्हणजे विकतचें दुखणें. स्मार्ट संचाला मात्र अपवाद केला पाहिजे. तो इंटरनेटशीं जोडलेला असतो, त्यांत आपले पासवर्ड असतात; कंपनीनें सुरक्षिततेसाठीं पाठविलेली दुरुस्ती त्यानें वेळच्या वेळीं घेतलेली बरी.

श्रोतेहो, इथवर मी कृतीविषयीं बोललों. परंतु खरी अडचण कृतीची नाहींच. कारागीर हुशार आहे, यंत्र स्वस्त आहे, वेळहि थोडा लागतो. अडतें तें मजकूर कोठून आणावयाचा यावर. कांहीं मोठ्या कंपन्या आपल्या संकेतस्थळावर मॉडेलप्रमाणें फाइली ठेवतात. त्याहि कांहीं संचांपुरत्या. पुष्कळ संचांच्या बाबतींत तेवढेंहि होत नाहीं. मग एका कारागिरानें आपल्या संचांतून उतरवलेली प्रत दुसऱ्याकडे जाते, त्याच्याकडून तिसऱ्याकडे. आणि पोथीच्या नकलांप्रमाणेंच ती कोठून निघाली, वाटेंत तींत काय मिसळलें, हें सांगण्यास कोणी उरत नाहीं. स्मार्ट संचाच्या बाबतींत अनोळखी हातचा मजकूर म्हणजे घरांत अनोळखी माणूस घेण्यासारखें आहे. राळेगांवच्या कारागिरापुढें तेव्हां दोनच वाटा राहतात : अशी निनांवी प्रत वापरणें, नाहीं तर ‘बोर्ड गेला’ म्हणून सांगणें. त्याला दोष देण्यापूर्वीं ही त्याची कोंडी आपण ध्यानांत घेतली पाहिजे.

यावर उपाय असूं शकतो, हें युरोपानें दाखवून दिलें आहे. युरोपीय संघाचा पडद्यांविषयींचा नियम १ मार्च २०२१ पासून लागू झाला. त्यांत कंपनीवर असें बंधन आहे कीं, एखाद्या मॉडेलचा शेवटचा नग बाजारांत आल्यापासून निदान ८ वर्षें त्याचें अखेरचें फर्मवेअर तिनें उपलब्ध ठेवावें. फुकट द्यावें, किंवा वाजवी व उघड किंमतीस द्यावें. कांहीं सुटे भाग निदान ७ वर्षें पुरविण्याचेंहि बंधन त्याच नियमांत आहे. म्हणजे तेथें मजकूर हा सुट्या भागाच्या जोडीला बसविला गेला. आपल्याकडे केंद्र सरकारच्या ग्राहकव्यवहार खात्यानें जुलै २०२२ मध्यें दुरुस्तीच्या हक्काचा विचार करण्यासाठीं समिति नेमली. शेतीचीं यंत्रें, मोबाइल फोन व टॅब्लेट, घरगुती टिकाऊ वस्तु आणि मोटारी हीं चार क्षेत्रें तिच्यापुढें होतीं. त्याच वर्षीं २४ डिसेंबरला, राष्ट्रीय ग्राहकदिनीं, कंपन्यांनीं दुरुस्तीची माहिती एकत्र द्यावी म्हणून एक संकेतस्थळहि उघडण्यांत आलें. १ एप्रिल २०२३ पासून अमलांत आलेले ई-कचऱ्याचे नवे नियम निकामी संचांच्या पुनर्वापराची जबाबदारी उत्पादकावर टाकतात. हीं सर्व पावलें स्वागतार्ह आहेत. परंतु संकेतस्थळावर माहिती देणें निराळें आणि मजकूर हातांत देणें निराळें. निकामी संचाची विल्हेवाट नीट लागावी यासाठीं जितकी काळजी घेतली जाते, तितकीच संच मुळांत निकामी ठरूं नये म्हणून घेतली गेली पाहिजे.

कंपनी म्हणेल, हा मजकूर आमच्या श्रमाचा आहे, त्याचा स्वामित्वहक्क आमचा आहे. तें मान्य केलें तरी संच विकतांना तो मजकूर संचाबरोबरच विकला गेला, हें कसें विसरतां येईल? त्याची नवी प्रत मागणारा ग्राहक कांहीं नवें मागत नाहीं. ज्याचे पैसे त्यानें एकदां मोजले आहेत तीच वस्तु तो शाबूत मागतो. आणि ज्या घरीं संच वर्षाच्या कमाईंतून काटकसर करून घेतलेला असतो, त्या घरीं या मागणीचें वजन शहरांतल्यापेक्षां अधिक असतें. अधिकृत सेवाकेंद्र बहुधा मोठ्या शहरांत. तेथवर संच नेण्या-आणण्याचा खर्च निराळा. मजकूर गांवांतच उपलब्ध झाला तर दुरुस्तीहि गांवांत होईल आणि कारागिराची विद्याहि गांवांत राहील.

तोंपर्यंत आपल्या हातीं काय आहे? संच दुरुस्तीस देतांना कारागिराला तीन प्रश्न विचारावे. वीजपुरवठ्याचे व्होल्ट मोजून पाहिले काय? चिपेंतील जुना मजकूर उतरवून ठेवला काय? आणि जो नवा मजकूर लिहावयाचा तो याच बोर्डाच्या, याच पॅनेलच्या क्रमांकाचा आहे काय, व तो कोठून आणला? हे प्रश्न अविश्वासाच्या सुरांत विचारूं नयेत. चांगल्या कारागिराला ते ऐकून बरेंच वाटेल. आपल्या कामांतील कसब समजणारें गिऱ्हाईक त्याला क्वचित् भेटतें. त्या जुन्या मजकुराची एक प्रत आपल्याहि संग्रहीं ठेवावयास मागून घ्यावी, आणि संचाच्या पावतीबरोबर पेन ड्राइव्हमध्यें जपून ठेवावी. संच पुन्हां कधीं अडला तर तीच प्रत उपयोगी पडेल.

नवा संच घेतांनाहि दुकानदाराला चौथा एक प्रश्न विचारावा : या संचाचें फर्मवेअर कंपनी किती वर्षें देणार आहे? आज बहुतेक दुकानदार या प्रश्नावर गोंधळतील. परंतु पुरेशा गिऱ्हाइकांनीं तो विचारला, तर त्याचें उत्तर छापील पत्रकावर येण्यास फार काळ लागणार नाहीं.